रास्ना, बांदा आणि बांडगूळ : वृक्षवासी ऑर्किडांची ओळख व संगोपन

प्रास्ताविक

गेल्या ज्येष्ठात देवळाली प्रवरा परिसरातील एका बागायतदाराने बांधावरील जुन्या आंब्याची छाटणी केली आणि निघालेले सारे 'बांडगूळ' पोत्यात भरून आमच्या दवाखान्याच्या ओट्यावर आणून ठेवले. औषधाला उपयोगी पडेल, ही त्यांची सद्भावना. पोते ओतून पाहिले तेव्हा त्यात दोन अगदी भिन्न वनस्पती निघाल्या. एक खरोखरच बांडगूळ होते. दुसरी मात्र जाड, पांढुरक्या मुळांची व पट्ट्यासारख्या पानांची ऑर्किड होती. वनस्पतिशास्त्रात तिला व्हँडा टेसेलाटा म्हणतात. आपल्याकडे तिला बांदा म्हणतात आणि बंगालमधील वैद्यपरंपरा तिचीच मुळे 'रास्ना' म्हणून वापरीत आली आहे.

त्याच पंधरवड्यात 'रास्ना मूळ' म्हणून विकत घेतलेल्या मालाचे एक पुडके आम्ही सहज बारकाईने पाहिले. त्यात तीन प्रकारचे तुकडे होते : काही काष्ठमय, काही सुगंधी व वलयांकित, तर काही हलके, पोकळ भासणारे आणि आत दोऱ्यासारखी शीर असलेले. आमवात व संधिवाताच्या रुग्णांना आम्ही वर्षानुवर्षे महारास्नादी काढा देत आलो. त्या काढ्यातील रास्ना नेमकी कोणती, असे एखाद्या रुग्णाने विचारले असते, तर आम्हांस प्रामाणिक उत्तर देता आले नसते. ही टोचणी हेच प्रस्तुत लेखाचे कारण होय.

या लेखात आम्ही तीन गोष्टींचा विचार करणार आहोत : रास्ना या नावाखाली येणाऱ्या द्रव्यांची ओळख, वृक्षवासी ऑर्किड व परोपजीवी बांडगूळ यांतील भेद, आणि नगर जिल्ह्याच्या कोरड्या हवामानात या ऑर्किडांचे संगोपन. रोपवाटिकांत आज मिळणारी बहुतेक ऑर्किडे आग्नेय आशियातील बेटांवरील जातींपासून निर्माण झालेली असल्याने त्यांचाही परिचय ओघाने येईल.

शास्त्रीय पार्श्वभूमी

चरकाचार्यांनी अग्र्यद्रव्यांच्या प्रकरणात वातहर द्रव्यांमध्ये रास्नेला श्रेष्ठ स्थान दिले आहे. रास्नापंचक, रास्नासप्तक, महारास्नादी क्वाथ व रास्नादी गुग्गुळ हे योग आपल्या नित्य व्यवहारातील आहेत. महारास्नादी क्वाथात तर इतर द्रव्यांच्या दुप्पट रास्ना घ्यावी, असा संकेत आहे. म्हणजेच या योगात रास्ना चुकली तर एखादे गौण द्रव्य चुकत नाही, योगाचा कणाच चुकतो.

निघंटूंमध्ये रास्नेचे सुगंधा, सुरसा, युक्तरसा, एलापर्णी, सुवहा, श्रेयसी असे पर्याय आढळतात. मूळ, पत्र व तृण असे तिचे त्रिविध भेदही निघंटुकारांनी सांगितले आहेत. या वर्णनांवरून एकच एक वनस्पती निश्चित करणे कठीण असल्यामुळे प्रांतोप्रांती वेगवेगळी द्रव्ये रूढ झाली. त्यांपैकी प्रमुख तीन पुढीलप्रमाणे होत.

(१) प्लूचिया लँसिओलाटा : उत्तर भारत, राजस्थान व गुजरात येथील रेताड जमिनीत वाढणारे लहान क्षुप. लोकभाषेत रायसन. भारतीय आयुर्वेदिक फार्माकोपियात 'रास्ना' या शीर्षकाखाली याच वनस्पतीची पाने स्वीकारलेली आहेत.

(२) अल्पिनिया गॅलँगा : आपले मोठे कुलिंजन किंवा कोष्ठकुलिंजन. आल्याच्या कुळातील ही वनस्पती मूळची आग्नेय आशियातील असून जावा-सुमात्रा भागात ती स्वयंपाकातही नित्य वापरली जाते. केरळ-तमिळनाडूत रास्ना म्हणून हिचा व हिच्याच कुळातील एका लहान जातीचा वापर होतो.

(३) व्हँडा टेसेलाटा : पूर्व भारतात, विशेषतः बंगालमध्ये, रास्ना म्हणून रूढ असलेली ऑर्किड. जुन्या ग्रंथांत हिचा उल्लेख व्हँडा रॉक्सबर्गाय या नावाने येतो. नावे दोन असली तरी वनस्पती एकच, हे वाचताना ध्यानात ठेवावे.

येथे एक सावधगिरीची सूचना करणे आवश्यक वाटते. निघंटूंत रास्नेच्या सान्निध्यात नाकुलीचे वर्णन येते आणि काही अभ्यासकांनी नाकुलीचा अर्थ ईश्वरी म्हणजेच सापसंद असा लावला आहे. सापसंदातील ॲरिस्टोलोकिक आम्ल मूत्रपिंडांना गंभीर इजा करते व ते कर्करोगकारक आहे, हे आता निर्विवाद सिद्ध झाले आहे. म्हणून रास्नेच्या बदली हे मूळ कोणत्याही परिस्थितीत स्वीकारू नये. द्रव्यनिश्चितीचा प्रश्न केवळ पांडित्याचा नाही, तो रुग्णाच्या सुरक्षिततेचा आहे.

परोपजीवी आणि वृक्षवासी

आता पोत्यातील दोन वनस्पतींकडे वळू. संस्कृतातील 'वन्दा' व 'वन्दाक' हे शब्द झाडावर वाढणाऱ्या वनस्पतींसाठी वापरले गेले. त्यातूनच आपला 'बांदा' आला. सर विल्यम जोन्स यांनी १७९५ साली याच संस्कृत शब्दावरून या ऑर्किडला 'व्हँडा' म्हटले आणि पुढे १८२० मध्ये रॉबर्ट ब्राऊन यांनी ते प्रजातीचे नाव म्हणून रूढ केले. मात्र 'वन्दाक' म्हणून औषधात घेतले जाणारे द्रव्य म्हणजे डेंड्रोफ्थी फाल्काटा, अर्थात बांडगूळ. एकाच शब्दाच्या दोन वाटा झाल्या आणि गोंधळ कायम राहिला.

बांडगूळ हे परोपजीवी आहे. त्याचे शोषक मूळ यजमान झाडाच्या सालीतून थेट काष्ठापर्यंत शिरते व तेथील पाणी आणि क्षार ओढून घेते. जोडाच्या जागी फांदी फुगलेली दिसते. पाने जाड व चामड्यासारखी, फुले नळीसारखी, नारिंगी-तांबूस. पक्षी त्याची चिकट फळे खातात आणि बी दुसऱ्या फांदीवर पुसून टाकतात. अशा रीतीने आंब्याची फांदीच्या फांदी वाळते. शेतकऱ्याने ते काढून टाकणे योग्यच होय.

ऑर्किड मात्र झाडावर राहते, झाड खात नाही. तिची मुळे सालीला केवळ धरून असतात. पावसाचे पाणी, दव, हवेतील ओलावा व सालीवर साचलेला पालापाचोळा यांवर तिचा निर्वाह चालतो. परीक्षा सोपी आहे : मूळ हलकेच उचकटून पाहावे. खाली साल अभंग राहिली तर ती ऑर्किड, आणि लाकडात रुतलेली गाठ दिसली तर बांडगूळ. ही एवढी खूण आपल्या गावातील बागायतदारांना सांगितली तरी अनेक जुन्या झाडांवरील बांदा वाचेल.

बांद्याची प्रत्यक्ष ओळख

व्हँडा टेसेलाटा आंबा, चिंच, बाभूळ, मोह अशा खडबडीत सालीच्या जुन्या वृक्षांवर वाढते. दख्खनच्या तुलनेने कोरड्या भागातही ती तग धरते. हिचे खोड एकाच शेंड्याने वर वर वाढत जाते. आडवा कंद किंवा फुगीर खोड नसते. पाने दोन ओळींत, समोरासमोरच्या अंगांस, मध्यशिरेवर दुमडलेली व किंचित बाकदार असतात. पानाचे टोक कुरतडल्यासारखे, विषम दातांचे असते. ही खूण फुले नसतानाही कामी येते.

फुलोरा उन्हाळ्यापासून पावसाळ्याच्या पूर्वार्धापर्यंत येतो. पाकळ्या पिवळसर हिरव्या असून त्यांवर तपकिरी रेघांची चौकटीसारखी जाळी असते. 'टेसेलाटा' हे नाव तिच्यावरूनच पडले. खालची ओष्ठपाकळी जांभळट निळी असते, तिच्यामागे आखूड, शंकूसारखा शेपटा असतो. फुलास सौम्य सुगंध असतो. फळ लांबट व कंगोरेदार असून त्यात धुळीसारखे असंख्य बी असते.

फुले नसताना बांद्याशी गल्लत होणाऱ्या तीन ऑर्किडा आपल्या राज्यात आहेत.

अकॅम्पे प्रीमॉर्सा : पाने अधिक जाड, ताठ व टोकाशी दुभंगलेली. फुले लहान, पिवळी, तांबूस आडव्या पट्ट्यांची व आखूड गुच्छात दाटलेली. अकॅम्पेच्या जातींची मुळेही रास्ना म्हणून विकली गेल्याचे उल्लेख आहेत, म्हणून ही ओळख महत्त्वाची.

ऱ्हिंकोस्टायलिस रेट्युसा : सीतेची वेणी म्हणून ओळखली जाणारी ऑर्किड. फुलोरा लोंबता, गजऱ्यासारखा दाट. फुले पांढरी, गुलाबी-जांभळ्या ठिपक्यांची. पाने पन्हळीसारखी, फिकट उभ्या रेषांची. आसाममध्ये हिलाच कोपौ फूल म्हणतात व ते त्या राज्याचे राज्यपुष्प आहे.

एअरिडीस मॅक्युलोसा : सह्याद्रीतील ही ऑर्किडही काही ठिकाणी सीतेची वेणी याच नावाने ओळखली जाते. फुले गुलाबी, ठिपक्यांची व सुवासिक असून फुलाचा शेपटा शिंगासारखा पुढे वळलेला असतो. लोकनाव एकच असल्याने येथेही फूल पाहूनच निर्णय करावा.

या वनस्पतींच्या नोंदींत वैद्यांचा वाटा किती मोठा आहे, याचे एक उदाहरण सांगण्यासारखे आहे. १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅम येथून बारा खंडांत प्रसिद्ध झालेला 'होर्टुस मलबारिकुस' हा ग्रंथ डच अधिकारी व्हान ऱ्हीड यांनी सिद्ध केला. त्यासाठी माहिती पुरवणाऱ्यांत केरळचे वैद्य इट्टी अच्युतन आणि रंगभट, विनायक पंडित व अप्पूभट हे तीन कोकणी वैद्य होते. या तिघांचे साक्षपत्र ग्रंथाच्या पहिल्या खंडात देवनागरी लिपीत छापलेले आहे. बाराव्या खंडात झाडांवर वाढणाऱ्या ऑर्किडांची चित्रे असून, लिनियसने सीतेच्या वेणीला १७५३ साली दिलेल्या शास्त्रीय नावामागे त्यांतीलच एका चित्राचा आधार आहे. ज्या परंपरेने जगाला ही ओळख करून दिली, त्या परंपरेच्या वारसांनी आज पुडक्यावरील चिठ्ठीवर विसंबून राहावे, हे शोभत नाही.

बेटांवरील ऑर्किड आणि रोपवाटिकेतील 'रास्ना'

आमच्या एका स्नेही वैद्यांनी औषधी बागेसाठी एका रोपवाटिकेतून 'व्हँडा, म्हणजे रास्ना' असे सांगून दिलेले रोप आणले. यथावकाश त्यास हाताच्या पंजाएवढी निळी-जांभळी फुले आली. फुले सुंदर होती, परंतु ती रास्ना नव्हती. ही चूक सहज होण्यासारखी आहे, म्हणून तिचे मूळ समजून घेऊ.

बाजारातील मोठ्या फुलांचे व्हँडा हे बहुतांशी संकर आहेत. त्यांच्या वंशावळीत प्रामुख्याने फिलिपाईन्समधील मिंडानाओ बेटावरची व्हँडा सँडेरियाना (तेथील लोकनाव वालिंग-वालिंग), लुझॉन बेटावरची व्हँडा लुझॉनिका, जावा-बालीकडील व्हँडा ट्रायकलर आणि आपल्या ईशान्य भारतातील निळी व्हँडा सेरुलिया या जाती येतात. सँडेरियाना व सेरुलिया यांच्या संकराची नोंद १९३१ साली झाली व पुढील असंख्य संकर तिच्यातून निघाले. या संकरांना आयुर्वेदात कोणतेही स्थान नाही. त्यांच्या गुणधर्मांचा अभ्यास नाही आणि रोपवाटिकेत त्यांवर कीटकनाशके व बुरशीनाशके फवारलेली असतात. म्हणून अशा रोपाची मुळे औषधात कधीही घेऊ नयेत.

दुसरी सर्वत्र दिसणारी ऑर्किड म्हणजे फॅलेनॉप्सिस. इंडोनेशिया व फिलिपाईन्सच्या बेटांवर वाढणाऱ्या फॅलेनॉप्सिस अमॅबिलिसचे वर्णन अँबॉन बेटावर राहिलेल्या रुम्फियस या निसर्गअभ्यासकाने सतराव्या शतकात केले. इंडोनेशियाने १९९३ साली तिला राष्ट्रीय पुष्पांत स्थान दिले. पाने रुंद, मांसल व मोजकीच, मुळे चपटी व रुपेरी हिरवी, फुले पतंगासारखी पसरट, ही तिची ओळख. तिसरी डेंड्रोबियम. तिची खोडे उसाच्या कांड्यांसारखी पेरेदार असून जुन्या कांड्याच्या बुडाशी नवे कांडे फुटते. आपल्या ऊसपट्ट्यातील वाचकांना ही खूण वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही.

थोडक्यात क्रम असा : प्रथम वाढीची पद्धत पाहावी, एकाच शेंड्याची की कांड्यांची. नंतर पानाचे टोक, नंतर मुळांचा आकार, आणि शेवटी फूल. फूल दिसेपर्यंत नाव निश्चित करू नये. शंका राहिल्यास फुलासह नमुना दाबून, वाळवून पुण्यातील भारतीय वनस्पती सर्वेक्षणाच्या पश्चिम विभागीय केंद्राकडे अथवा राहुरी येथील महात्मा फुले कृषी विद्यापीठातील जाणकारांकडे दाखवावा.

सुक्या मालाची परीक्षा

औषधालयचालकांपुढे जिवंत रोप नसते, वाळलेले तुकडे असतात. त्यांच्यासाठी पुढील खुणा उपयोगी पडतील. साहित्य एवढेच : दहापट मोठे दाखवणारे भिंग, धारदार पाते व वाटीभर पाणी.

ऑर्किडचे मूळ : लांबट, दंडगोल, वजनाला हलके. बाहेरून पांढुरके ते करडे, वाळल्यावर उभ्या सुरकुत्या पडलेले. बाहेरचे आवरण म्हणजे मृत पेशींचा स्पंजासारखा थर. यालाच व्हेलामेन म्हणतात. तुकडा पाण्यात टाकताच तो पाणी शोषतो व मऊ पडतो. मग दोन्ही टोके धरून ओढले असता बाहेरचे आवरण बाहीसारखे सरकते व आतील चिवट दोरा मोकळा होतो. साल आणि लाकूड असे थर नसतात. गंध जवळजवळ नाही.

कुलिंजनाचा कंद : तांबूस तपकिरी, जाड, अंगावर पानांच्या खुणांची वलये. मोडल्यावर तंतुमय. वास तीव्र सुगंधी, चव तिखट. हा ओळखण्यास भिंगाचीही गरज पडत नाही.

रायसनाची पाने : देठरहित, लांबट, बुडाकडे निमुळती, करड्या सूक्ष्म लवेने आच्छादलेली. मालात मूळ असल्यास ते खरेखुरे काष्ठमय असते व आडव्या छेदात साल व काष्ठ स्पष्ट दिसतात.

बांडगूळ : कांडीचे तुकडे. आडव्या छेदात कठीण काष्ठ, बाहेर करडी साल व तिच्यावर बारीक ठिपक्यांसारखी श्वसनरंध्रे.

ही प्राथमिक परीक्षा आहे, प्रयोगशाळेतील तपासणीस पर्याय नव्हे. औषधनिर्मितीचा परवाना असलेल्यांना शेड्यूल टी नुसार कच्च्या मालाची ओळख व नोंद ठेवणे बंधनकारकच आहे. परंतु जे केवळ खरेदी-विक्री करतात त्यांनीही बिलावर द्रव्याचे शास्त्रीय नाव आणि वनस्पतीचे अंग, म्हणजे मूळ, पान की कंद, लिहून मागावे. प्रत्येक द्रव्याचा निश्चित ओळख पटलेला एक नमुना बरणीत ठेवावा आणि नवा माल त्याच्याशी ताडून पाहावा. ज्या पुडक्याने आमची झोप उडवली, ते या एका बरणीने दारातच अडले असते.

आपल्या हवामानात संगोपन

राहुरी तालुक्यात वर्षाचा पाऊस सरासरी ५०० मिलिमीटरच्या आसपास, उन्हाळ्यात पारा चाळिशीपार, आणि हिवाळ्यात काही रात्री दहाच्याही खाली. बेटांवरील ऑर्किडांना सवय असते ती बारमाही दमट हवेची. म्हणून येथे संगोपनाचे सूत्र एकच : मुळांना वारा, हवेला ओलावा आणि पानांना गाळलेले ऊन.

(१) माध्यम : ऑर्किड मातीत लावू नये. आपली काळी जमीन तर मुळे कुजवून टाकील. लाकडी पट्ट्यांच्या टोपलीत लोणारी कोळसा, विटांचे तुकडे व नारळाच्या सोडणाचे काप घालून रोप त्यावर टेकवावे. व्हँडाला माध्यम जितके कमी तितके चांगले, मुळे टोपलीबाहेर लोंबू द्यावीत. फॅलेनॉप्सिससाठी भरपूर छिद्रांची कुंडी व सालीचे तुकडे घ्यावेत.

(२) झाडावर बसवणे : बांद्यासाठी हीच रीत उत्तम. आंबा किंवा चिंचेच्या खोडावर, पूर्वेच्या अंगाला, डोक्याच्या उंचीवर रोप सुती पट्टीने बांधावे. मृगाच्या पावसानंतर बांधल्यास आश्विनापर्यंत मुळे साल धरतात. पेरू व निलगिरी यांची साल सोलून पडते, त्यामुळे ती झाडे टाळावीत.

(३) छाया : फाल्गुन ते ज्येष्ठ पन्नास टक्क्यांचे शेडनेट असावे. फॅलेनॉप्सिसला याहून दाट, पंच्याहत्तर टक्क्यांपर्यंत सावली लागते. पाने गडद हिरवी व लुसलुशीत झाली तर ऊन कमी पडते, पिवळी पडून डाग आले तर अधिक होते, असे समजावे.

(४) पाणी : कालव्याखालच्या आपल्या पट्ट्यात विहिरींचे पाणी अनेक ठिकाणी क्षारयुक्त झाले आहे. असे पाणी दिल्यास मुळांवर पांढरे कीट चढते व टोके जळतात. पत्र्याचे किंवा गच्चीचे पावसाचे पाणी पिंपात साठवून ऑर्किडांसाठी राखावे. पाणी सकाळी द्यावे. रुपेरी मुळे भिजून हिरवी होईपर्यंत शिंपावे, मग पुन्हा रुपेरी झाल्यावरच द्यावे. उन्हाळ्यात व्हँडाला दोन वेळा, हिवाळ्यात दिवसाआड पुरते. फॅलेनॉप्सिसच्या पानांच्या बेचक्यात पाणी साचू देऊ नये, शेंडा कुजतो.

(५) हवेतील ओलावा : टोपल्यांखाली वाळूचे किंवा विटांचे ओले वाफे ठेवावेत, पश्चिमेकडे गोणपाटाचा पडदा भिजवून टांगावा. वैशाखातील कोरड्या झळांनी फॅलेनॉप्सिसच्या कळ्या गळतात, ते रोगाचे लक्षण नव्हे.

(६) खत : डाळिंबाला ठिबकमधून दिले जाणारे १९:१९:१९ हेच विद्राव्य खत चालते, पण मात्रा अल्प. एक लिटर पाण्यात अर्धा ते एक ग्रॅम, आठवड्यातून एकदा, तेही वाढीच्या काळात. खतापूर्वी मुळे साध्या पाण्याने ओली असावीत. शेण किंवा कच्चे सेंद्रिय खत मुळांवर घालू नये.

(७) थंडी : पौषात रात्रीचे तापमान पंधरा अंशांखाली जाऊ लागले की बेटांवरील जाती आत घ्याव्यात. बांदा आपलाच असल्याने तो बाहेर तग धरतो. त्याचे पाणी तेवढे कमी करावे.

अभिवृद्धीबाबत अपेक्षा माफक ठेवावी. ऑर्किडच्या बियांत अन्नसाठा नसल्याने निसर्गात विशिष्ट बुरशीच्या साहाय्याशिवाय ते रुजत नाही. १९२२ साली लुइस नड्सन यांनी साखरयुक्त माध्यमात बी रुजवून दाखवले तेव्हापासून प्रयोगशाळेतील रोपनिर्मिती शक्य झाली. सिक्कीममधील पाक्योंग येथे १९९६ पासून राष्ट्रीय ऑर्किड संशोधन केंद्र कार्यरत आहे. घरगुती पातळीवर मात्र एकच मार्ग : उंच वाढलेल्या व्हँडाचा शेंडा दोन-तीन जोमदार मुळांसह कापून वेगळा लावणे. बुडखा तसाच ठेवल्यास त्याला बाजूने नवा फुटवा येतो. कापलेल्या जागी हळद दाबावी आणि पाते प्रत्येक वेळी ज्योतीवर तापवून घ्यावे.

संरक्षण आणि प्रतिनिधी द्रव्य

बांद्याच्या एका प्रौढ रोपाची सारी मुळे वाळवली तरी मूठभर भरणार नाहीत. काढ्याच्या एका घाणीला लागणारी रास्ना, तीही दुप्पट भागाने, या मुळांतून मिळवायची तर किती वृक्ष उघडे करावे लागतील, याचा विचार प्रत्येकाने करावा. मुळे काढलेले रोप बहुधा मरते, आणि नव्याने रुजून फुलावर येण्यास त्यास अनेक वर्षे लागतात.

कायदाही आता स्पष्ट झाला आहे. वन्य प्राणी व वनस्पतींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरील साईट्स करारात भारत १९७६ पासून सहभागी असून संपूर्ण ऑर्किड कुळ या कराराच्या परिशिष्टांत समाविष्ट आहे. वन्यजीव संरक्षण कायद्यात २०२२ साली झालेल्या व १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने या करारातील जातींसाठी स्वतंत्र अनुसूची आली. अभयारण्यातील वनस्पती काढणे तर पूर्वीपासूनच निषिद्ध आहे. आपल्याच जिल्ह्यातील कळसूबाई-हरिश्चंद्रगड परिसरात वनस्पतिदर्शनासाठी जाणाऱ्या विद्यार्थ्यांना हे आवर्जून सांगावे.

मग शास्त्राचे काय? शास्त्रानेच याचे उत्तर देऊन ठेवले आहे. अष्टवर्गातील जीवक, ऋषभक, ऋद्धी व वृद्धी ही आज हिमालयातील ऑर्किडे मानली जातात. ती दुर्मिळ आहेत हे ओळखून भावमिश्रांनी जीवक-ऋषभकांच्या जागी विदारी आणि ऋद्धी-वृद्धीच्या जागी वाराही सांगितली. दुर्मिळ द्रव्यास प्रतिनिधी घेणे हा शास्त्रमान्य मार्ग आहे. प्रतिनिधी द्रव्य आणि भेसळ यांतील भेद एवढाच : पहिले सांगून घेतले जाते, दुसरे न सांगता. रास्नेच्या बाबतीत फार्माकोपियाने स्वीकारलेली रायसनाची पाने घ्यावीत व तसे वेष्टनावर लिहावे. दाक्षिणात्य पाठानुसार कुलिंजन घेतल्यास तेही लिहावे. दोन्हींचे गुण एकच आहेत असे गृहीत धरू नये. कुलिंजन तीक्ष्ण व उष्ण असल्याने पित्तप्रकृतीच्या रुग्णात त्याचा विचार वेगळा करावा लागतो.

बांद्याच्या मुळांच्या अर्कात प्राण्यांवरील प्रयोगांत शोथहर परिणाम आढळल्याच्या नोंदी आहेत. त्या उत्साहवर्धक आहेत, परंतु त्या आधारे रानातील मुळे गोळा करणे समर्थनीय ठरत नाही. लागवडीतील, ओळख पटलेले रोप पुरेसे उपलब्ध झाले, तरच पुढचा विचार.

समारोप

वैद्य गंगाधरशास्त्री गुणे यांनी १९१७ साली नगर येथे आयुर्वेद महाविद्यालयाची मुहूर्तमेढ रोवली. त्या जिल्ह्यातील आपण चिकित्सक आहोत. द्रव्याची ओळख हा चिकित्सेचा पाया आहे, याचे भान आपल्याला असावयास हवे. म्हणून वाचकांना आमची तीन कामे सुचवावीशी वाटतात. आपल्या कपाटातील रास्नेचे पुडके आजच उघडून वरील खुणांनी तपासावे. रस्तारुंदीकरणात वा बांधावर एखादा जुना आंबा, चिंच पडत असल्याचे कळल्यास मालकाच्या व संबंधितांच्या अनुमतीने त्यावरील बांदा उतरवून जवळच्या झाडावर बांधावा. आणि बांडगूळ काढणाऱ्या शेतकऱ्यास, साल अभंग राहते की गाठ दिसते, ही एक खूण शिकवावी.

पोत्यातून आलेली ती रोपे आम्ही दवाखान्यामागील चिंचेवर बांधली. दोन सुकली, तीन जगली. त्यांतील एकास यंदा वैशाखात जाळीदार पाकळ्यांचा पहिला तुरा आला. ज्या बागायतदाराने ते पोते आणून टाकले होते, त्यांनाच आम्ही तो प्रथम दाखवला. त्यांनी पुष्कळ वेळ निरखून पाहिले आणि म्हणाले, "डॉक्टरसाहेब, हे तर आमच्या वडिलांच्या वेळेपासून त्या आंब्यावर होतं. आम्ही दर साली तोडत आलो." आता उरलेल्या आंब्यांवरील बांदा ते तोडीत नाहीत. आमच्या औषधालयातील रास्नेच्या बरणीवरही आता शास्त्रीय नाव, अंग व खरेदीची तारीख लिहिलेली आहे. रुग्णाने विचारले तर उत्तर देता येते, एवढे समाधान या अभ्यासाने आम्हांस दिले.